शब्द एकेकटे पाठवू नकोस

धुळे, ३ ऑक्टोबर

चि. शिल्पास,

मामाचा जयभीम, आणि त्याच्या पाठोपाठ मामाचा वैताग.

तुझं पाकीट मिळालं. तुमच्या कंपनीच्या ठिबकची माहितीपुस्तिका इंग्रजीतून फ्रेंच करायची आहे असं म्हणालीस, म्हणून मी टेबल आवरून, लाल पेनात नवी रिफिल घालून तयार बसलो होतो. उघडतो तर आत पुस्तिका नाहीच. नुसते शब्द! शाळेच्या हजेरीसारखे एकाखाली एक. प्लांट. हेड. वेल. स्प्रिंग. फ्लश. कुणाचा कुणाशी संबंध नाही.

अगं, यांचं मी काय करू? 'स्प्रिंग' म्हणजे वसंत ऋतू, गादीतली स्प्रिंग, की डोंगरातला झरा? फ्रेंचमध्ये तिघांना तीन वेगळे शब्द आहेत आणि ते एकमेकांच्या घरी पाणीसुद्धा पीत नाहीत. 'वेल' म्हणजे विहीर की 'बरं'? 'प्लांट' म्हणजे रोप की कारखाना? तुला कुणी कागदावर नुसतं 'कळ' असं लिहून दिलं आणि म्हटलं, कर इंग्रजी, तर काय करशील? पोटात येते ती, बोटाने दाबतात ती, की तुझी आत्या दोन जावांमध्ये लावते ती?

वाक्यं पाठव. शब्द एकेकटे पाठवू नकोस. एकटा शब्द बावचळतो, त्याला आपण कोण हेच आठवत नाही.

आणि सोबतच्या तुझ्या चिठ्ठीतल्या चुका लाल शाईने दुरुस्त करून परत पाठवतो आहे. फोन करू नकोस. फोनवर मी नुसता चिडतो, कागदावर निदान मुद्द्याचं बोलतो.

तुझा,
आधारमामा

*

जळगाव, ९ ऑक्टोबर

ती. आधारमामांना,

शिल्पाचा जयभीम. माझी चिठ्ठी तुम्ही तपासून, वर दहापैकी चार गुण देऊन परत पाठवलीत. मी आता शाळेत नाही मामा, एक्स्पोर्ट खात्यात आहे!

यादीचं सांगते. आमचे समाधान सर आधी डाळ मिलमध्ये होते. डाळ कशी निवडायची हे त्यांना कळतं, म्हणून पुस्तिकाही त्यांनी तशीच निवडली. सगळे शब्द कॉम्प्युटरवर ओळीने लावले, जो शब्द दोनदा आला तो खड्यासारखा काढून टाकला. म्हणाले, "एकच शब्द दहा वेळा कशाला भाषांतर करायचा? एकदा करून घ्या, मग आपणच जागच्या जागी बसवू." मी विरोध केला. तर म्हणाले, "मॅडम, तुरीची डाळ पोत्यातही तूर आणि ताटातही तूरच असते."

वाक्यं ते बाहेर देत नाहीत. डिझाइन चोरीला जाईल म्हणे. धुळ्यात माझ्या मामाच्या टेबलावरून कोण चोरणार, असं विचारलं तर पुस्तिका कपाटात ठेवून कुलूपच लावलं.

मामा, माझ्यासाठी हे फार मोठं काम आहे. डिसेंबरमध्ये आयव्हरी कोस्टहून केळी-उत्पादकांची मंडळी येताहेत. फ्रेंच बोलणाऱ्या देशांचं काम कंपनी ज्याच्याकडे सोपवणार, त्याची निवड तेव्हाच होईल. ते मला हवं आहे, सरळ सांगते. एवढी वर्षं मी दुसऱ्यांच्या मेल टाइप करत आले.

तर जमेल तसं करा. आणि मंडळी आली की दुभाषी म्हणून तुम्हीच. तुमच्याशिवाय खान्देशात दुसरं आहे कोण?

तुमची,
शिल्पा

*

धुळे, १७ ऑक्टोबर

चि. शिल्पास,

जयभीम. समाधान सरांना सांग, शब्द म्हणजे तूर नव्हे. तूर बिचारी कुठेही तूरच राहते. शब्द माणसासारखा आहे. घरात बाप, ऑफिसात कारकून, सासुरवाडीला जावई.

तरीही केलं. प्रत्येक शब्दापुढे दोन-दोन, तीन-तीन अर्थ लिहिलेत, कंसात कुठे काय वापरायचं तेही. 'हेड'पुढे डोकं लिहिलं, प्रमुख लिहिला, आणि पाण्याच्या दाबाचा 'हेड' असेल तर त्याचा शब्दच निराळा आहे, तोही लिहिला. 'एल्बो' एवढा एकच भला निघाला. तिकडेही कोपर, इकडेही कोपर. त्याचा मी मुका घ्यायचा बाकी ठेवला.

काही शब्दांची मात्र वस्तूच पाहिल्याशिवाय मी काही लिहिणार नाही. 'ग्रोमेट' काय असतं? 'बुश' म्हणजे झुडूप म्हणावं तर पाइपात झुडूप कशाला येईल? वस्तू पाठव. हातात धरून पाहीन, मग नाव देईन.

बाकी ठीक. मामी बरी आहे. धुळ्यात अजून उकाडा आहे.

तुझा,
आधारमामा

*

जळगाव, २८ ऑक्टोबर

ती. मामांना,

जयभीम. एसटीच्या पार्सलने एक गोणी पाठवते आहे. त्यात ग्रोमेट, बुश, प्लग, निपल, टी, व्हॉल्व्ह सगळं आहे. स्टोअरचे भिकनभाऊ विचारत होते, मामांची शेती किती? मी म्हटलं, मामांची शेती शब्दांची.

आता वाईट बातमी. सर थांबले नाहीत. तुम्ही प्रत्येक शब्दापुढे जे तीन अर्थ दिले, त्यातला पहिला त्यांनी सगळीकडे बसवून पुस्तिकेचा नमुना छापून घेतला. त्यांचं म्हणणं, शहाणा माणूस चांगला माल वरच्या थरात ठेवतो. नमुना गोणीतच घातला आहे. वाचा, पण मामीला शेजारी बसवून वाचा. बीपीची गोळी घेऊन वाचा.

आणि मागच्या पत्रात मी दुभाष्याचं विचारलं होतं. तुम्ही धुळ्याच्या उकाड्याचं लिहिलंत, त्याचं उत्तर दिलं नाहीत. येणार ना?

तुमची,
शिल्पा

*

धुळे, ४ नोव्हेंबर

शिल्पा,

चिरंजीव वगैरे नंतर. आधी हे सांग, तुमच्या ऑफिसात फ्रेंचची अक्षरं तरी उलटी की सुलटी हे कुणाला ओळखता येतं का?

पान तीन: "केळीचा पुष्पगुच्छ पिकल्यावर कापा." मी 'बंच'पुढे पहिला अर्थ फुलांचा गुच्छ लिहिला होता आणि कंसात स्पष्ट लिहिलं होतं की केळीच्या घडाला हा शब्द चालणार नाही. पान पाच: "बरं खोल असेल तर मोटार बसवा." विहिरीचं 'बरं' झालं! पान नऊ: "डोक्याचं नुकसान टाळण्यासाठी पाइप सरळ ठेवा." आयव्हरी कोस्टचा शेतकरी हेल्मेट घालून ठिबक जोडेल. आणि 'सकर'! केळीच्या बुंध्याशी जी पिलं फुटतात ती. यादीत एकटा शब्द होता, मी बापडा 'भोळा, फसणारा माणूस' लिहून बसलो. आता पुस्तिका सांगते, "दर महिन्याला भोळी माणसं मुळापासून कापून टाका."

माझं भाषांतर म्हणून हे छापणार? उभा जन्म मी या जिल्ह्यात फ्रेंच शिकवली. मुलांनी ती मार्क पडतात म्हणून घेतली आणि पेपर झाल्यावर टाकून दिली, ते वेगळं. पण चूक कधी शिकवली नाही.

अख्खी पुस्तिका पाठव. वाक्यांसकट, चित्रांसकट. नाहीतर माझा या कामाशी संबंध संपला.

गोणी मिळाली. तुझ्या मामीने दार उघडलं आणि म्हणाली, "हाई काय शे? बठ्ठा घरमा नळ्याच नळ्या!" टीव्हीवर टी आहे, फ्रिजवर व्हॉल्व्ह. ग्रोमेट, ती रबराची बुटकी कडी, फार गोड वस्तू निघाली.

दुभाष्याचं म्हणशील तर माझा गुडघा दुखतो आहे. शिवाय डिसेंबरात कुणाकुणाची लग्नं असतात.

मामा

*

जळगाव, १६ नोव्हेंबर

ती. मामांना,

जयभीम. जिंकलात. तुमचं पत्र मी सरांसमोर मोठ्याने वाचलं. "भोळी माणसं मुळापासून कापून टाका" ऐकून अख्खं खातं हसलं, सर सोडून. मग मी विचारलं, "सर, हे पाहुण्यांच्या हातात द्यायचं का?" त्यांनी कपाटाची किल्ली दिली. अख्खी पुस्तिका सोबत आहे, आणि आता तिच्यावर भाषांतरकार म्हणून तुमचं नाव छापायचं ठरलं आहे. ते मी भांडून मिळवलं.

आता माझी पाळी चिडायची. गुडघा दुखतो? कुणाकुणाची लग्नं? मामा, कुणाची ते तरी लिहायचं! तुम्हाला सरांचा राग आला आहे हे मला कळतं. आधी नाव देत नव्हते, यादी पाठवून तुमचा अपमान केला, सगळं खरं. पण तो राग माझ्यावर का? पाहुण्यांसमोर मी एकटी पडले तर ते काम मुंबईच्या एका मुलाला जाणार आहे. त्याला ना ठिबक माहीत, ना केळी. सोडा ना राग.

तुमची,
शिल्पा

*

धुळे, २१ नोव्हेंबर

चि. शिल्पाला मंदामामीचा जयभीम.

मी कधी पत्र लिहीत नाही, म्हणून अक्षराला हसू नको. हे पत्र तुझ्या मामांना माहीत नाही.

त्यांना कुणाचा राग आलेला नाही. गुडघाही चांगला आहे, रोज पांझरा नदीच्या काठाने फिरून येतात. तुझी पुस्तिका घेऊन दिवसभर बसतात. एकेक वाक्य फ्रेंचमध्ये मला मोठ्याने वाचून दाखवतात. मला कळत नाही, तरी मी मान हलवते. पूर्वी वर्गातली मुलं हलवायची, आता मी.

शिल्पा, त्यांनी फ्रेंच शिकवली, पण फ्रेंच बोलणाऱ्या माणसाशी ते कधी बोललेच नाहीत. पुण्यात ज्या बाईंनी त्यांना शिकवलं त्या साताऱ्याच्या होत्या. इथे सगळं पुस्तकावर आणि पेपरावर चाललं. एकदा आम्ही अजिंठ्याला गेलो होतो. लेणीत दोघं नवरा-बायको फ्रेंच बोलत उभे होते आणि वाट विचारायला माणूस शोधत होते. मी यांना कोपराने ढोसलं, म्हटलं, "आते बोला ना! कसाले घाबरतस?" हे पाठ फिरवून पुढच्या लेणीत गेले. घरी येईपर्यंत एक शब्द बोलले नाहीत. मराठीसुद्धा नाही.

त्यांना भीती अशी आहे, की बोलायला जावं आणि समोरच्याला काहीच कळू नये. मग एवढी वर्षं काय केलं, असं त्यांना वाटेल. ते मला बोलले नाहीत, पण मला ठाऊक आहे.

आता तू बघ. पण समजावू नको. समजावलं की ते अडून बसतात. त्यांना चिडवलं तरच ते हलतात.

मंदामामी

*

जळगाव, २५ नोव्हेंबर

ती. मामांना,

जयभीम. तुमच्या गुडघ्याची काळजी घ्या, येऊ नका. सरांनी वेगळी सोय केली आहे. मोबाइलमध्ये भाषांतराचं ॲप घेतलं आहे. आपण इंग्रजीत बोलायचं, फोन फ्रेंचमध्ये बोलतो. माणसाची गरजच नाही.

काल सरांनी स्वागताच्या भाषणाची तालीम केली. त्यांनी म्हटलं की आमचे प्रमुख तुमचं कारखान्यात स्वागत करतील. तुम्ही मला एका उन्हाळ्यात शिकवलंत तेवढ्या फ्रेंचवर मी ऐकलं. फोन म्हणाला, आमचं डोकं तुमचं रोपामध्ये स्वागत करेल. सरांना आवाज फार आवडला. म्हणाले, बाई काय सुंदर बोलते! तेव्हा काही अडचण नाही.

रावेरला अभिमन नानांच्या केळीच्या बागेत पाहुण्यांसाठी भरीत पार्टी ठेवली आहे. बामणोदची वांगी सांगितली आहेत. तिथेही फोनच बोलेल.

तुमची,
शिल्पा

*

धुळे, २७ नोव्हेंबर

शिल्पा,

ते यंत्र बंद करा.

मी येतो आहे. पुस्तिका पूर्ण झाली, ती घेऊन येईन. पण नीट वाच: मी मागे बसणार. बोलणार नाही. फक्त त्या फोनच्या चुका लिहून घेणार आणि तुमच्या सरांच्या हातात देणार. याला दुभाषी म्हणायचं नाही. मला पुढे ओढलंस तर त्याच पावली परत फिरेन. लाल पेन घेतलं आहे.

मामा

*

जळगाव, १९ डिसेंबर

मामा,

काय केलंत हे?

काल रावेरच्या बागेत मी वांग्यांच्या जाळापाशी होते. कपाशीच्या काड्यांचा धूर डोळ्यात, हातात भाकरींचं टोपलं. वळून बघते तर केळीच्या झाडाखाली तुम्ही आणि मादाम कुआसी समोरासमोर. तुम्ही हातवारे करताय, त्या मान हलवून नाही नाही म्हणताहेत, तुम्ही खिशातून डिक्शनरी काढून त्यांच्या नाकापुढे नाचवताय! त्या पाहुण्या मंडळींच्या प्रमुख आहेत, मामा. सरांचा घास हातातच राहिला. मला म्हणाले, "मॅडम, तुमचे मामा गिऱ्हाइकाशी भांडताहेत."

मी धावत येईपर्यंत तुम्ही गायब. भरीत नाही, भाकरी नाही, कुणाचा निरोप नाही. अभिमन नाना सांगत होते, रावेरच्या स्टँडवर तुम्हाला एसटीत बसताना पाहिलं आणि तुम्ही रुमालाने डोळे पुसत होता. फोन उचलत नाही. मामी म्हणते, घरी आहेत, पेन घेऊन बसलेत.

मादाम कुआसी अजून जळगावात आहेत. आज सकाळी मला त्यांनी विचारलं, "तुमचे मामा पुन्हा येणार नाहीत का?" त्यांना माफी हवी असेल. त्या पुढच्या आठवड्यात मुंबईला निघताहेत. त्या जायच्या आत निदान दोन ओळी माफीच्या लिहा. माझ्यासाठी. कामाचा निर्णय अजून व्हायचा आहे.

शिल्पा

*

धुळे, २२ डिसेंबर

चि. शिल्पास,

मामाचा जयभीम. आज वैताग नाही. म्हणजे थोडा आहेच, पण तो शेवटी.

मी ठरवल्याप्रमाणे मागेच बसलो होतो. तुमच्या सरांनी फोनला विचारलं, घड कधी कापता? फोनने मादामला विचारलं, पुष्पगुच्छ कधी कापता? त्या हसल्या. सगळी मंडळी हसली. सरही हसले, त्यांना वाटलं आपलं जमलं. मला राहवेना. मी उठलो आणि फ्रेंचमध्ये म्हणालो, "बाई, ते घडाविषयी विचारताहेत."

तोंडातून निघालं खरं. वाटलं, आता त्या म्हणतील, काय म्हणालात?

त्या वळल्या आणि म्हणाल्या, "मग तसं सांगा ना. आमच्याकडे केळफूल आल्यावर तीन महिन्यांनी."

कळलं गं! त्यांना माझं कळलं आणि मला त्यांचं. मग मी थांबलोच नाही. पाणी, माती, पिलं, बाजार. त्या घरी बाउले नावाची त्यांच्याकडची भाषा बोलतात. फ्रेंच त्यांनी शाळेत शिकली, मास्तरांची छडी खाऊन. मी म्हणालो, मी घरी अहिराणी बोलायचो, मराठीसुद्धा मला शाळेतच भेटली. फ्रेंचच्या घरी आम्ही दोघंही पाहुणेच, मग लाजायचं कुणी कुणाला?

आणि मग त्यांनी मला अडवलं. औजाराला जो शब्द आहे त्याचा शेवटचा 'ल' म्हणे उच्चारायचाच नसतो. मी जन्मभर तो ठणठणीत उच्चारत आलो आणि सगळ्या विद्यार्थ्यांकडून वदवून घेतला. मी ऐकेना. डिक्शनरी काढली. त्या म्हणाल्या, "डिक्शनरीला तोंड नसतं." मी म्हणालो, माझ्या पुण्याच्या बाईंनी असंच शिकवलं. त्या म्हणाल्या, "मग त्या बाईंनाही कुणी सांगितलं नसेल." हेच ते तू पाहिलेलं भांडण. शेवटी त्यांनी विचारलं, "तुम्ही आजवर हे कुणाशी बोलत होता?" मी म्हणालो, फळ्याशी.

मग मला तिथे थांबवेना. भरताचा वास सुटला होता, तरी निघालो. एसटीत रडलो. अभिमन नानांनी बरोबर पाहिलं. तुझ्या मामीने तुला अजिंठ्याचं कळवलं असणारच, तिच्या पोटात काही राहत नाही.

शिल्पा, मी हजारो मुलांच्या चुका काढल्या. तुझ्या चिठ्ठ्यांच्या काढल्या, तुमच्या सरांच्या काढल्या, फोनच्या काढायला आलो. माझी चूक मात्र आजवर कुणी काढली नव्हती. मी बरोबर होतो म्हणून नाही. काढायला समोर कुणी नव्हतंच.

माफी मी लिहिणार नाही, ती त्यांना नकोच असेल. सोबत त्यांच्यासाठी माझं फ्रेंच पत्र आहे, चार पानी. आज दिवसभर तेच लिहीत होतो. तू वाचलंस तरी चालेल, पण हात लावू नकोस. त्यात चुका आहेत, असू देत. त्या निघायच्या आत त्यांच्या हातात दे, आणि तपासून परत पाठवा म्हणून सांग.

वैताग एवढाच, की माझ्या वाट्याचं भरीत राहिलं. आणि पाकिटात काहीतरी टोचेल, सांभाळून उघड. माझं लाल पेन आहे. ते मादामना दे.

तुझा,
आधारमामा